न रडलेल्या बाईचा अहवाल

मी एकदा एका मासळीवालीला सायकोपॅथ ठरवायला निघाले होते. पुरावा असा, की ती गोड बोलायची, माल विकताना खोटं बोलायची आणि नवरा समुद्रात गेला तरी माझ्यासमोर रडली नाही. एवढ्या पुराव्यावर पालघरच्या बाजारातल्या निम्म्या बायका आणि माझी सख्खी आत्या आत गेल्या असत्या, पण तेव्हा ते मला सुचलं नाही. मी नवीकोरी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट होते. केस पिकायला लागले होते आणि अक्कल मात्र अजून हिरवी होती.

आमचे हे तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत नोकरीला. मुलं मोठी झाल्यावर मी पुन्हा कॉलेजात गेले, चाळिशी उलटल्यावर पदवी घेतली, रीतसर परवाना काढला आणि बोईसरला एका औषधाच्या दुकानाच्या माडीवर खोली घेऊन पाटी लावली. पहिल्या महिन्यात एक गृहस्थ पत्रिका दाखवायला आले. रात्रपाळीने झोप उडालेला सालवडचा एक कामगार आला, त्याने माझे प्रश्न जरा वेळ सोसले आणि म्हणाला, "मॅडम, इतना बात करने का टाइम नहीं है, सुई मार दो." सुई आणि गोळ्या देतात ते मानसोपचारतज्ज्ञ. आम्ही बोलतो, चाचण्या घेतो आणि डॉक्टर किंवा कोर्ट विचारील तेव्हा माणसाच्या मनाबद्दल अहवाल लिहितो. हे त्याला मी इतक्या विस्ताराने समजावलं, की त्याला तिथेच जांभया आल्या. माझा पहिला गुण आलेला रुग्ण तो.

अशात कोर्टाचं एक प्रकरण माझ्याकडे आलं आणि माझी मान ताठ झाली. जानकी नावाची बाई, एडवणची, पालघरच्या बाजारात मासळी घेऊन बसायची. नवरा खलाशी. बोटीवरून तो पाण्यात पडला आणि सापडलाच नाही. पुढे सासूने आणि दिराने अर्ज केला, की सहा वर्षांच्या नातीचा ताबा आम्हाला द्या, तिची आई माणूस नव्हे, दगड आहे. नवऱ्याचं कळलं तरी रडली नाही, तिसऱ्या दिवशी पाटी घेऊन बाजारात बसली, आणि पोरीला तोंड वर करून सांगते की बाप गुजरातेत वेरावळच्या बोटीवर कामाला गेलाय. बाईच्या मानसिक अवस्थेबद्दल कोर्टाला मत हवं होतं. मी काय लिहिते यावर ती पोर कुठे वाढणार हे बऱ्याच अंशी ठरणार होतं. हे मला ठाऊक होतं. त्यामुळे काळजी वाटायला हवी होती. मला रुबाब वाटला.

आता इथे थोडं धंद्याचं सांगते, कारण माझी नात परवा मोबाइलवर दहा प्रश्नांची कसलीशी चाचणी सोडवून मला म्हणाली, आजी, माझा बॉस सायकोपॅथ निघाला. मी म्हटलं, त्याने सोडवली का ती चाचणी? तर नाही, त्याच्या वतीने हिनेच सोडवली. आमच्या काळी ह्या मूर्खपणासाठी निदान पदवी घ्यावी लागायची.

पहिली गोष्ट, सायकोपॅथ म्हणजे वेडा नव्हे. ज्याला नसलेले आवाज ऐकू येतात, शेजारी विष घालतायत असं वाटतं, त्याचा आजार वेगळा. सायकोपॅथला सगळं स्वच्छ दिसतं आणि कळतं. दुसऱ्याला दुखतंय हेही कळतं, त्याचं त्याला काही वाटत नाही एवढंच. दुसरी गोष्ट, निदानाच्या अधिकृत पुस्तकात ह्या नावाचा स्वतंत्र आजार सापडणार नाही. तिथे आहे तो समाजविघातक व्यक्तिमत्त्वविकार. त्याच्या अटी कडक आहेत. माणूस अठरा वर्षांच्या पुढचा हवा. दुसऱ्याचे हक्क तुडवणं, फसवणं, बेफिकिरी ही त्याची जन्माची रीत हवी, एका वाईट वर्षापुरती नव्हे. आणि तिची चिन्हं पंधराव्या वर्षाच्या आत दिसलेली हवीत. सायकोपॅथी ही त्याहून अरुंद आणि खोल कल्पना. नुसती वागणूक नव्हे, आतला स्वभावच तसा: भावना उथळ, भीती कमी, पश्चात्ताप नाही, आणि वरून बोलणं असं की समोरचा विरघळावा. तुरुंगातले बरेच लोक पहिल्या व्याख्येत बसतात, दुसरीत त्यातले थोडेच.

हे मोजायला वीस मुद्द्यांची एक यादी असते. प्रत्येक मुद्द्याला शून्य, एक किंवा दोन गुण. ती चालवायची तर रीतसर शिकावं लागतं, लांबलचक मुलाखत घ्यावी लागते आणि मुख्य म्हणजे त्या माणसाच्या सांगण्यावर न विसंबता त्याला ओळखणाऱ्यांना विचारावं लागतं, जुनी कागदपत्रं बघावी लागतात. मी एका कार्यशाळेत ही यादी पाहिली होती. जेवण चांगलं होतं, त्यामुळे दुपारच्या सत्रात मी डुलक्या काढल्या. दुसऱ्यांना विचारण्याचा भाग बहुधा दुपारीच झाला असावा.

मग मी काय केलं, तर गुप्तहेर झाले. मुलाखतीच्या आदल्या दिवशी डोक्यावरून ओढणी घेऊन पालघरच्या बाजारात गेले, तिला तिच्या नकळत निरखायला. असं करणं आमच्या धंद्यात बरं समजत नाहीत, हेही त्या दुपारच्या सत्रात सांगितलं असणार. जानकी बसली होती. सावळी, काटक, नाकात चमकी. मी दुरून निरखत होते तर तिनेच हाक मारली, "या बाय, तुमच्यासाठीच ठेवलेत." मी म्हटलं, मी कोण ते तरी ठाऊक आहे का. ती म्हणाली, "तोंडावरनं कळते ना, चांगल्या घरची बाय चांगला बोंबील खाते." मी पाव किलो घ्यायला वाकले आणि पिशवी भरून घेऊन उठले. आमचे हे पुढे चार दिवस बोंबील खात होते आणि मी कोणतं संशोधन करते आहे असं विचारत होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी बाजार आटोपून ती माझ्या माडीवर आली आणि दारातच तिने मला ओळखलं. "बोंबील कसं निघालं, बाय?" मी ओळख न दाखवता कागदावर लिहिलं: वरवरचं मोहक बोलणं, दोन गुण.

पुढची मुलाखत मी आज आठवते तेव्हा उशीत तोंड खुपसावंसं वाटतं. बाजारात खोटं बोलता का, असं विचारलं. ती म्हणाली, बोलावाच लागते. सराईत खोटेपणा, दोन. मुलीला बापाबद्दल खरं सांगितलंत का? नाय. याचा पश्चात्ताप होतो का? तिने माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी तिला तुमच्या पाटीत हत्ती आहे का असं विचारलं होतं. "कसला?" म्हणाली. पश्चात्तापाचा अभाव, दोन. नवऱ्याची आठवण येते का? "येते." एवढंच. आवाज सपाट, डोळे कोरडे. उथळ भावना, दोन. सकाळी मुलीला कुणाकडे ठेवता? शेजारी, काशीबायकडं. बेजबाबदारपणा, दोन. माझं पेन असं सुसाट चाललं होतं, की मुलीच्या ताब्याचा निकाल त्याच टेबलावर लागतो की काय असं वाटावं.

त्यानंतर दीर आला, मोरेश्वर. त्याला भेटायची सूचना कोर्टाची नव्हती, पण तो भेटायला आला आणि मी त्याला बसवून घेतलं. तो आला तोच रुमाल डोळ्यांना लावून. भावाचं नाव काढलं की गळा दाटायचा. माझंही नाक लाल झालं. आम्ही दोघं मिळून बराच वेळ रडलो आणि मला वाटलं, आज आपण फार चांगलं काम केलं.

अहवालाचा कच्चा मसुदा तयार झाला. सही करण्याआधी शाबासकी घ्यावी म्हणून मी ठाण्याला माझ्या मार्गदर्शक बाईंना फोन लावला. बाई करड्या, वाक्य पुरं व्हायच्या आत त्यातला लोच्या काढणाऱ्या. मी गुणांची बेरीज सांगितली. मग बाईंनी विचारलं, "ती चौदा वर्षांची असताना काय करत होती?"

मी म्हटलं, ते विचारायचं राहिलं.

"तिच्याबद्दल तिच्याशिवाय कोणाला विचारलंस?"

दिराला, असं मी जरा अभिमानाने सांगितलं.

"म्हणजे ज्याने तिच्याविरुद्ध अर्ज केलाय त्याला. उद्या मी तुझ्या स्वभावाचा अहवाल तुझ्या नणंदेला विचारून लिहिते, चालेल?" माझी नणंद बाईंना ठाऊक होती. बाई म्हणाल्या, "सही केलीस का?"

नाही, म्हटलं.

"मग वाचलीस. आणि ती बाईही वाचली. आता त्या गावात जा. आणि एक कर, न रडणं हा मुद्दा यादीत कुठे आहे तेवढं मला शोधून दाखव."

मी यादी वरून खाली वाचली, खालून वर वाचली. नव्हता. भावना उथळ आहेत का, असं होतं. त्याचा अर्थ पाणी डोळ्यांतून आलं का असा मी माझ्या मनाने लावला होता.

एसटीने एडवणला गेले. जानकीचं माहेर आणि सासर एकाच गावात, दोन आळ्यांचं अंतर, म्हणून माझं काम सोपं झालं. शाळेतले जुने गुरुजी ओट्यावर बसलेले सापडले. त्यांना ती लख्ख आठवत होती. चौथीनंतर आईबरोबर बाजारात जायला लागली म्हणून शाळा सुटली. मारामाऱ्या? चोऱ्या? मुक्या जनावराला छळणं? घरातून पळून जाणं? मी एकेक विचारत गेले, गुरुजींचे डोळे मोठे होत गेले. शेवटी ते म्हणाले, "एकदा माझी छत्री नेली होती. दुसऱ्या दिवशी परत आणून दिली, वर म्हणाली गळते."

काशीबाय खळ्यात बसून सुकी मासळी निवडत होती. मी कोण, कशाला आले हे ऐकून तिने माझ्यापुढे एक ढीग सरकवला आणि म्हणाली, बसल्या हायत तर हात चालवा. मी जवळा एकीकडे, कचरा एकीकडे करत बसले आणि कागद काढायचा राहूनच गेला. ती बोलत गेली. जानकीला तिने लहानपणापासून पाहिलेली. धाकट्या दोन भावांना हिनेच वाढवलं. आळीतल्या निम्म्या घरांच्या किल्ल्या आजही हिच्याकडे असतात. मग मी तो तिसऱ्या दिवसाचा प्रश्न विचारला. काशीबायने हात थांबवला नाही. बाजारात ज्या बाईची जागा रिकामी राहते, तिथे दुसरी बसते, आणि एकदा बसली की उठत नाही. जानकीच्या आईने ती जागा धरलेली, आईमागे जानकीने. त्या दिवशी ती गेली नसती तर पोरीला खायला काय घातलं असतं?

"पण रडली नाही म्हणतात," मी म्हटलं.

"कोन म्हनते?"

सासू म्हणते, म्हटलं. काशीबाय हसली. मला म्हणाली, मग जाऊन तिलाच विचारा, घर काय लांब नाय.

सासूचं नाव हिरूबाय. पाय दुखतात म्हणून उंबऱ्यात बसलेली, हात मात्र जाळं सांधत होते. मी तिला घाबरून गेले होते, पण ती मोकळी बाई निघाली. मी सरळ विचारलं, बाप वेरावळला गेलाय असं नातीला पहिल्यांदा कोणी सांगितलं?

"मी," ती म्हणाली.

मी पुन्हा विचारलं.

"मीच सांगितला. पोरगा सापडला नाय, त्याचा दिवसकार्य काय केला नाय, तर मेला कसा म्हनू? घरात कुनी रडायचा नाय, असा मीच सांगितला सगल्यांना. जानकीला पन."

आणि मग हाच मुद्दा अर्जात कसा घातलात, असं मी विचारल्यावर तिचे हात थांबले. ती म्हणाली, वकिलाने विचारलं सून रडली का, तर आम्ही नाही म्हटलं. पोरीला काय सांगते, तर आम्ही वेरावळ म्हटलं. खोटं काही बोललो नाही. मग तिने खरं कारण सांगितलं. जानकी तरुण आहे, उद्या दुसरं लग्न करील, पोर घेऊन जाईल. ती पोर हसते ती हुबेहूब हिच्या मुलासारखी. ती गेली की मुलगा दुसऱ्यांदा बुडाला असं हिला वाटत होतं. कोर्टात असं सांगायला कुठली जागा असते ते ठाऊक नव्हतं, म्हणून सून दगड आहे असं सांगितलं.

मी परतीच्या एसटीत बसले ती वेगळाच उत्साह घेऊन. मला सायकोपॅथ सापडला होता. मोरेश्वर. तो रुमाल, तो दाटलेला गळा, ती मला गुंडाळण्याची हातोटी. बोईसरला उतरल्या उतरल्या बाईंना फोन केला. पलीकडून बाईंच्या हसण्याचा आवाज आला. "अगं, आता त्याच्यावर चालवलीस का यादी? एक रडली नाही म्हणून, एक रडला म्हणून. तुझ्या तावडीतून सुटायला माणसाने नेमकं किती रडावं?"

मोरेश्वरचा भाऊ बुडाला होता आणि त्याला रडू येत होतं. ह्यापलीकडे त्याच्यात काहीही नव्हतं. त्या घरातली आईची मनाई मोडून तो जिथे जाईल तिथे रडत होता, त्यात माझी माडी आली.

मी पहिला मसुदा फाडला. नवीन अहवाल लिहायला कष्ट पडले, कारण त्यात मोठा शब्द एकही नव्हता. व्यक्तिमत्त्वविकाराचं कोणतंही चिन्ह नाही. लहानपणापासून जबाबदारीने वागल्याचं दोघांनी स्वतंत्रपणे सांगितलं. शोक आहे, तो कुटुंबाच्या रीतीने आत ठेवलेला आहे. मूल आईपाशी सुरक्षित आहे, आजीचा सहवासही त्याला हवा. मुलगी जानकीकडेच राहिली. हिरूबायकडे ती हवं तेव्हा जाईल असं ठरलं, म्हणजे जाण्यायेण्याचं सगळं होतं तसंच राहिलं, फक्त भीती गेली. निकाल कळला त्या दिवशी मी माडीवर एकटीच मोठ्याने हसले. खालचा औषधवाला वर बघून गेला.

तुम्ही विचाराल, मग खरा सायकोपॅथ कधी भेटलाच नाही का? इतक्या वर्षांत खात्रीने एक सांगता येईल. मजूर पुरवणारा मुकादम होता. नम्र, नेटका. त्याला तपासायला मला कित्येक महिने लागले. शाळा, भाऊ, सोडलेली बायको, जुने भागीदार, पोलिसांकडचे कागद, सगळीकडून तीच गोष्ट यायची, आठव्या-नवव्या वर्षापासून एकसारखी. त्याच्या हाताखालचा एक मजूर कायमचा अधू झाला होता. त्याबद्दल तो हवामानाबद्दल बोलावं तसा बोलला आणि मग मला म्हणाला, "मॅडम, आप दिन भर सुनते हो, थक जाते होंगे." इतक्या आपुलकीने मला कोणी विचारलं नव्हतं. मला तो आवडलाही. हे लिहायला लाज वाटते, पण तेच त्या निदानाचं मर्म आहे. त्याच्या डोळ्यांत काही थंड वगैरे दिसत नाही. जे दिसतं ते त्याच्याबरोबर राहिलेल्या माणसांच्या आयुष्यात दिसतं, आणि ते बघायला खुर्चीवरून उठावं लागतं. सही करताना ह्या खेपेला रुबाब वाटला नाही. त्याला देण्यासारखं औषध माझ्याकडे नव्हतं, इतरांना सावध करण्यापुरता एक कागद होता.

जानकीकडून मी मासळी घ्यायला लागले ती अजून घेते. पण तो पहिला मसुदा कित्येक दिवस माझ्या घशात अडकला होता. फाडला तरी लिहिला होता मीच. शेवटी एकदा गिऱ्हाईक नव्हतं तेव्हा तिच्यासमोर उकिडवी बसले आणि सांगून टाकलं. तुला काळीज नाही असं मी लिहिणार होते, दोन-दोन गुण देऊन. सही तेवढी राहिली होती. पोर गेली असती तुझी, माझ्यामुळे.

जानकी सुरमईचे तुकडे करत होती. तुकडे करून झाले, हात धुतले, मग बोलली.

"ऱ्हाऊ द्या आता, बाय. पोर माज्यापाशी हाय. पन फुडं कोन आली तुमच्याकडं, तर तिला पैला ईचारा, जेवलीस काय. त्या दिसाला मी पाटेपासून उपाशी व्हती. तुमी ईचारत व्हत्या नवऱ्याची आठवन येते काय, नि मला डोल्यापुढं नुसता भात दिसत व्हता."